दुष्काळाच्या रिळाला रंग द्यावा का?

सिंदफणा
राम राम मंडळी. प्रश्न लांबडा आहे, पण नीट सांगितल्याशिवाय कळणार नाही म्हणून सगळंच लिहितो.

माझ्या आजोबांचा अंबाजोगाईला फोटो स्टुडिओ होता. त्यांच्याकडं एक सेकंडहँड बोलेक्स कॅमेरा होता, १६ एमएमचा, चावी देऊन चालणारा. मागच्या उन्हाळ्यात जुना वाडा उतरवला तेव्हा माळवदाखालच्या देवळीत तीन पत्र्याचे डबे सापडले. एकावर आजोबांच्या अक्षरात 'खडी ७२', दुसऱ्यावर 'योगेश्वरी मार्गशीर्ष', तिसऱ्यावरचं अक्षर पुसलंय. पहिलं रीळ मुंबईला एका ओळखीच्याकडून स्कॅन करून आणलं. पावणेतीन मिनिटांची फाइल आली, काळीपांढरी, आवाज नाही. ७२ च्या दुष्काळातलं खडी फोडायचं काम आहे. रांगेनं बसलेल्या बायका, एक मुकादम वही घेऊन, कडेला झोळीत लेकरू. मी ते पहिल्यांदा बघितलं तेव्हा बराच वेळ नुसता बसून राहिलो.

आता गणपतीत मंडळाच्या पडद्यावर दाखवायचं ठरलंय. पोरं म्हणायलीत रंगीत करूनच दाखवू. पुतण्यानं एका मोबाइल ॲपमधून करून पण दाखवलं आणि बघतो तर काय, सगळी जमीन हिरवीगार! बायकांच्या मागं जो उघडाबोडका माळ आहे तिथं ॲपनं गवत उगवून टाकलं. ७२ साली! आजी सोबत बसली होती, ती म्हणाली, "आसं आसतं तर खडी कामून फोडली आसती रं?"

तर रंग द्यावा का, आणि द्यायचा तर कसा, हे विचारायचंय.

कुंथलगिरीचा_पेढा
द्या. मी शाळेवर आहे, रोजचा अनुभव सांगतो, काळंपांढरं लागलं की पोरांचं लक्ष दुसऱ्या मिनिटाला खिडकीबाहेर. रंगीत असलं की तीच पोरं विचारतात सर हे कुठलं गाव, ह्या बायका आता कुठंयत. जमीन हिरवी झाली तर ती दुरुस्त करा की, त्यासाठी रंगच नको म्हणणं बरोबर नाही.

मन्याडखोरे
मी मूळचा कंधारकडचा, सध्या मुंबईत पोस्ट प्रॉडक्शनला आहे आणि गेली काही वर्षं जुन्या फिल्मा साफ करायचंच काम करतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

भाऊ, रंगाचं नंतर बघू. आधी सांगा, तुमच्या फाइलमध्ये माणसं लगबगीनं चालल्यासारखी दिसतात का? शंभर फुटी रीळ असणार. १६ एमएमला फुटाला ४० फ्रेम बसतात, म्हणजे ४००० फ्रेम. त्या सेकंदाला २४ नं चालवल्या की बरोबर पावणेतीन मिनिटं होतात. पण आवाज नसलेलं घरगुती चित्रीकरण बरेच लोक फिल्म वाचावी म्हणून १६ नं करायचे, आणि बोलेक्सला वेग बदलायची सोय होतीच. १६ नं चालवा, तेच रीळ चार मिनिटं दहा सेकंद चालेल. हातोडा वर जाऊन खाली येतो तो बघा, वजनदार वाटला की वेग बरोबर. जुन्या फिल्ममधली माणसं बाहुल्यांसारखी तुरुतुरु चालतात ते निम्म्या वेळेला ह्या चुकीच्या वेगामुळं असतं, आणि आपल्याला वाटतं जुना काळच तसा होता.

आता डब्यांचं. झाकण उघडून वास घ्या. आंबूस, शिरक्यासारखा वास आला तर फिल्मचा ॲसिटेटचा पाया, म्हणजे खालची प्लास्टिकची पट्टी, सडायला लागलाय. तो डबा बाकीच्यांपासून वेगळा ठेवा, कारण त्या वाफेनं शेजारचं रीळ पण बिघडतं. आपल्याकडं मे महिन्यात पारा ४२-४३ ला जातो, वर पत्रे असले तर विचारू नका. गार आणि कोरडी जागा बघा. आणि कुणी कितीही आग्रह केला तरी प्रोजेक्टरवर चढवू नका. जुनी फिल्म आकसते, कडेच्या भोकांचं अंतर कमी होतं आणि दातेरी चाक ती भोकं फाडत जातं. चांगल्या स्कॅनरला दाते नसतात, रबरी रोलरवरून फिल्म सरकते.

रंगाबद्दल माझं मत नंतर लिहितो, रेंडर लावलाय.

दुधनाकाठ
प्रोजेक्टरवर चढवू नका हे मोठ्या अक्षरात लिहा. आई-वडलांच्या लग्नाचं ८ एमएमचं रीळ होतं आमच्याकडं. एका शहरातल्या दुकानात कन्व्हर्ट करायला दिलं. त्यानं भिंतीवर पाडून मोबाइलनं शूट केलं. मधे फिल्म अडकली, दिव्याच्या उष्णतेनं तिथंच वितळली. सप्तपदीच्या जागी मधून पसरत जाणारा एक तपकिरी डाग आहे. वडील गेले आता. डाग तेवढा राहिला. पैसे परत दिले त्यानं, पण पैशाचं काय करू.

मन्याडखोरे
दुधनाकाठ, वाचून फार वाईट वाटलं. जळालेल्या जागेच्या आधीच्या आणि नंतरच्या फ्रेम असतील तर त्या नीट स्कॅन होऊ शकतात, तुकडे पण टाकू नका. निरोप पाठवतो.

लातूरची_सून
माझा एक बाळबोध प्रश्न. जुन्या फिल्म स्फोटकासारख्या जळतात म्हणतात, मग घरात ठेवायच्या कशा?

मन्याडखोरे
ताई, त्या नायट्रेटच्या फिल्म, ३५ एमएमच्या, साधारण १९५० पर्यंत चालल्या. एकदा पेटली की पाण्यानंही विझत नाही. पुण्यात २००३ च्या जानेवारीत अशीच आग लागली आणि फिल्म अर्काइव्हची नायट्रेट रिळं गेली, प्रभात काळातला मोठा ठेवा होता त्यात. पण १६ एमएम सुरुवातीपासूनच सेफ्टी फिल्मवर, म्हणजे अशी भडकन न पेटणाऱ्या फिल्मवर निघाली, घरगुती वापरासाठीच आणली होती ना. काठावर तसं छापलेलं असतं. सिंदफणा भाऊ, भिंगातून काठ बघा, बहुतेक ओर्वो असेल, त्या काळी आपल्याकडं पूर्व जर्मनीची ओर्वो बरीच चालायची.

सिंदफणा
ओर्वोच आहे! आणि १६ नं चालवून बघितलं. काय सांगू. मुकादम आधी पळत यायला लागल्यासारखा वाटायचा, आता थकलेला माणूस चालत येतो. तिसऱ्या डब्याला वास येतोय, वेगळा ठेवला.

खडकीकर
रंग देण्याच्या विरोधात एक आवाज माझा. आणि उदाहरण लांबचं नाही, आपल्या घरचंच देतो.

अजिंठ्याची चित्रं खराब व्हायला लागली म्हणून निजाम सरकारच्या पुरातत्त्व खात्यानं १९२० च्या सुमारास इटलीहून दोन तज्ज्ञ बोलावले, चेक्कोनी आणि ओर्सिनी. मनापासून काम केलं त्यांनी, सुटणारे पापुद्रे चिकटवले, त्याबद्दल त्यांचे उपकारच. पण चित्रं उजळ दिसावीत म्हणून वरून शेलॅक म्हणजे लाखेचं व्हार्निश दिलं. तेव्हा झळाळलं असेल. पुढं ते पिवळं पडलं, तडकलं, धूळ-काजळी धरून बसलं आणि खालचा निळा, पांढरा त्याच्याआड गेला. पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या रसायनज्ञांना ते इंच इंच करून काढत बसावं लागलं. मी लहानपणी वडलांबरोबर पहिल्या क्रमांकाच्या लेण्यात गेलो तेव्हा मला वाटायचं अजिंठ्याचा रंगच तो, मधासारखा. तो रंग लाखेचा होता.

तुमच्या आजोबांनी काळंपांढरं टिपलंय. त्यावर आपण आज चढवू ते आपलं व्हार्निश.

कुंथलगिरीचा_पेढा
खडकीकर, उदाहरण भारी आहे पण इथं लागू होत नाही. व्हार्निश मूळ भिंतीवर बसलं. इथं मूळ रीळ डब्यात सुखरूप, रंग आपण फाइलच्या कॉपीला देणार. नको वाटला तर डिलीट.

खडकीकर
पेढा सर, रीळ सुखरूप राहील, बरोबर आहे. पण फिरणार काय? रंगीत क्लिप. व्हॉट्सॲपवर ती हजार जणांकडं जाईल आणि डबा एका कपाटात राहील. वीस वर्षांनी कुणी ७२ चा दुष्काळ शोधला तर त्याला हिरवा माळ सापडेल.

गोदाकाठ
हेच होतंय. दर १७ सप्टेंबरला, मराठवाडा मुक्तिदिनाला, आमच्या ग्रुपवर निजामाच्या हैदराबादेवर झालेल्या पोलीस ॲक्शनच्या रंगवलेल्या क्लिपा येतात. मागच्या वर्षीच्या एकात निजामाच्या बाजूचा झेंडा निळा होता. आसफजाही झेंडा पिवळा, आमच्या घरात ते पाहिलेले लोक होते, आजोबा उमरखेडच्या कॅम्पवर होते, निजामाविरुद्ध लढणाऱ्या स्टेट काँग्रेसच्या. यंत्राला कुठून माहीत असणार पिवळा? त्यानं दुनियाभरचे फोटो बघितलेत, त्यात हैदराबाद संस्थान किती असेल? आणि खाली लिहिलेलं "दुर्मिळ मूळ रंगीत चित्रण". लोक नमस्काराचे हात टाकतात. मी दोनदा सांगून बघितलं, मलाच विचारलं तुम्हाला अभिमान नाही का म्हणून. अहो अभिमान आहे म्हणूनच सांगतोय ना, १३ ते १७ सप्टेंबर १९४८ ह्या पाच दिवसांसाठी आमच्या घरानं काय काय सोसलंय.

लातूरची_सून
पण चांगली उदाहरणं पण आहेत की. सिनेमा दिग्दर्शक पीटर जॅक्सननं २०१८ ला पहिल्या महायुद्धाच्या फिल्मवरून डॉक्युमेंटरी केली, लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमकडचं मटेरियल. मी घरी बघितली आणि रडले. चिखलात बसून चहा पिणारी अठरा-एकोणीस वर्षांची पोरं, आपल्या कॉलेजातली वाटतात.

मन्याडखोरे
ताईंनी बरोबर नाव काढलं. पण तिथं मेहनत कसली होती ते बघा. वेग प्रत्येक तुकड्याचा वेगळा, कुठं १० कुठं १८, तो एकेक करून जुळवला. सैनिक काय बोलतायत ते कळावं म्हणून ओठ वाचणारे तज्ज्ञ बसवले. जॅक्सनच्या स्वतःच्या संग्रहात त्या काळचे खरे गणवेश होते, रंग त्यावरून घेतले. तरीही पुष्कळ अभ्यासकांनी नाराजी दाखवलीच.

आता माझं मत. काळ्यापांढऱ्या फिल्ममध्ये रंगाची माहिती नसतेच. लाल लुगडं आणि हिरवं लुगडं अगदी एकाच राखाडीत उतरू शकतं. यंत्र जे देतं तो अंदाज आहे, आणि अंदाज चुकू नये म्हणून ते सगळंच मवाळ तपकिरी-निळसर करून ठेवतं. वर फ्रेमागणिक अंदाज बदलतो, म्हणून रंगवलेल्या क्लिपमध्ये साडी चालता चालता जांभळी होऊन परत निळी होते. नीट करायचं तर एकेका शॉटची एक मुख्य फ्रेम हातानं रंगवायची, पुढच्या फ्रेमांवर ते रंग यंत्राकडून चालवून घ्यायचे आणि परत नजरेखालून घालायचे. एका शॉटला दिवस जातो.

आणि एक काम कधीच करू नका, सेकंदाला ६० फ्रेम करणं आणि चेहरे शार्प करणं. तिथं यंत्र मधल्या फ्रेम मनानं काढतं आणि चेहऱ्यावर चेहरा बसवतं.

तेरणामाई
शेवटच्या वाक्यासाठी लिहायला आले, एरवी मी इथं फक्त वाचते.

आम्ही किल्लारीजवळचे. ३० सप्टेंबर १९९३ ला पहाटे ३:५६ ला आमचं घर बसलं. त्याच्या सहा महिने आधी चुलतभावाच्या मुंजीची व्हिडिओ कॅसेट काढलेली होती, ती लातूरला मामांकडं होती म्हणून राहिली. आमच्या जुन्या घराचं, दगडी भिंतींचं, अंगणातल्या पिंपळाच्या पाराचं तेवढंच चित्रण आहे. रंगीतच आहे ते, पण कॅसेटला बुरशी लागली, रंग एकमेकात वाहून गेलेत.

माझ्या भाच्यानं प्रेमानं ती कसल्या तरी सॉफ्टवेअरमधून घातली आणि राखीपौर्णिमेला टीव्हीवर लावली. आत्या पंगतीत वाढतेय असा एक शॉट आहे. आत्या त्या पहाटे गेली. पडद्यावर एक बाई होती, चेहरा स्वच्छ, कातडी गुळगुळीत, दात सरळ. आत्याचा पुढचा दात थोडा वाकडा होता आणि हसताना ती ओठावर पदर घ्यायची. पदर पण त्यानं पुसून हनुवटी काढली होती. आई म्हणाली, ही कोण बाई? आम्ही टीव्ही बंद केला.

मूळ कॅसेटमध्ये ती धूसर आहे, अर्ध्या वेळेला पट्टे येतात. पण ती आहे.

पैठणकरीण
तेरणामाई, जवळ असते तर हात धरला असता तुमचा.

खूप वेळानं लिहितेय पण रंगाचं मला थोडं कळतं, माहेर विणकरांचं. मी असं म्हणेन की यंत्राला विचारूच नका, माणसांना विचारा. त्या काळातल्या लुगड्यांचे रंग मोजके होते आणि त्यांना नावं होती. डाळिंबी, अंजिरी, कुसुंबी, मोरपंखी, चिंतामणी, राघूरंगी. गरिबाघरची लुगडी जाडी, काठ बारीक, आणि रोजच्या वापरात गडद रंगच जास्त कारण मळ दिसू नये. काठाची वीण स्कॅनमध्ये स्पष्ट दिसत असेल तर जाणती बाई लुगडं कुठलं ते सांगेल आणि मग रंगाच्या दोन-तीनच शक्यता उरतात.

आणखी एक, खूप जुन्या फोटोत आपल्या पणज्यांचं कुंकू अगदी डांबरासारखं काळं दिसतं बघा. ते कुंकू काळं नव्हतं, तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही. निळं मात्र पांढरं यायचं, म्हणून जुन्या फोटोत आभाळ कोरं. ७२ पर्यंत फिल्म सुधारली होती, तुमच्या रिळात तो घोळ नसावा, मन्याडखोरे दादा सांगतील.

मन्याडखोरे
बरोबर ताई, ७२ ची पॅनक्रोमॅटिक असणार, सगळे रंग पकडते.

कुंथलगिरीचा_पेढा
पैठणकरीणताईंचं पटलं. सिंदफणा, तुमच्या रिळातल्या बायकांपैकी कुणी हयात असतील की! ५० वर्षं म्हणजे फार नाही, तेव्हाची विशीतली बाई आज सत्तरीत. त्यांनाच दाखवा ना.

सिंदफणा
सर, हे मला आधी का सुचलं नाही. रविवारी जातो.

दरम्यान एक गंमत सांगायची राहिली, म्हणजे गंमत म्हणता येईल का माहीत नाही. मन्याडखोरे दादांनी सांगितलेल्या प्रोग्रॅमनं धुळीचे ठिपके काढले. पडदा लख्ख झाला. पण काहीतरी कमी वाटायला लागलं. तीनदा बघितल्यावर लक्षात आलं, हातोडा दगडावर पडतो पण कपचा उडत नाहीत! मूळ स्कॅन लावून बघितला तर प्रत्येक घावाला बारीक कपच्या उडतायत आणि कडेची एक बाई दर घावाला डोळे मिटून मान फिरवते. साफ केलेल्यात ती उगाचच मान फिरवतेय.

मन्याडखोरे
धूळ काढणारं यंत्र मागची-पुढची फ्रेम बघतं. जी गोष्ट एकाच फ्रेममध्ये आहे आणि शेजारच्या दोन्हीत नाही ती त्याच्या लेखी धूळ. कपची नेमकी तशीच असते. पावसाचे थेंब, ठिणग्या, पाखरं सगळं असंच जातं. घाव घालतानाच्या शॉटना ऑटोमॅटिक बंद करा, हातानं एकेक ठिपका काढा. आठवडा जाईल. मी शनिवारी रात्री तुमच्याबरोबर ऑनलाइन बसतो.

खडकीकर
हे वाचून मी पण बसतो. ठिपके ओळखायला तांत्रिक ज्ञान लागत नसेल तर मला पण शॉट द्या.

गोदाकाठ
मला पण. आणि सिंदफणा, मूळ स्कॅनची एक कॉपी पुण्याच्या राष्ट्रीय फिल्म संग्रहालयाला विचारून बघा, १९६४ पासून हेच काम आहे त्यांचं. आता एनएफडीसीकडं, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडं आहे ते. घरगुती रीळ घेतील न घेतील, पण पत्र तर टाका.

सिंदफणा
मंडळी, गणपती झाले, आता निवांत लिहितो.

रविवारी लॅपटॉप घेऊन तीन गावं फिरलो. रिळातल्या बायकांपैकी दोघी सापडल्या. एक आजी, वय असेल पंच्याहत्तर, डोळ्याचं ऑपरेशन झालेलं. स्क्रीनला नाक लावून बघत बसल्या. मी रंगांचा तक्ता काढला होता पैठणकरीणताईंच्या नावांवरून, विचारलं आजी तुमचं लुगडं कोणतं होतं, डाळिंबी का अंजिरी. त्या म्हणाल्या, "कशाचा रंग इचारतूस बाबा. पानी प्यायला नव्हतं, धुयला कुटलं. समद्यायची लुगडी खडीच्या रंगाची झालती."

मग बोटानं पडद्यावर दाखवत म्हणाल्या, "हे मातर लाल कर." बघतो तर एका बाईच्या मांडीवर फडक्यात भाकरी. मिलोची. अमेरिकेहून आलेली लाल ज्वारी, रेशनवर मिळायची. "लाल भाकर. कडू लागायची. लेकरं रडायची, खायची नाहीत. सुकडी खायची पन ही खायची नाहीत." मी ते रीळ शंभरदा बघितलंय, मला ती भाकरी नेहमीची वाटायची. काळ्यापांढऱ्यात कळायला मार्गच नव्हता.

म्हणून शेवटी असं केलं. आधी साफ केलेलं काळंपांढरं पूर्ण चार मिनिटं, बरोबर वेगानं, कपच्या उडताना. त्यानंतर फक्त भाकरीचा शॉट रंगीत, अकरा सेकंद. मुख्य फ्रेम मी स्वतः रंगवली, आजींना फोन करून तीन वेळा व्हिडिओवर दाखवली, दोन वेळा त्यांनी "लई उजाळ झाली" म्हणून परत पाठवली. लुगडी धुळीच्या रंगाची ठेवली. खाली पूर्ण वेळ ओळ ठेवली, 'रंग २०२५ मध्ये, खडीवर काम केलेल्या आजींच्या सांगण्यावरून दिले'. ती ओळ चित्रातच भाजली आहे, क्लिप कापून फॉरवर्ड केली तरी जाणार नाही.

महालक्ष्म्यांच्या दिवशी दाखवलं, बायका जास्त येतात म्हणून. आजींना खुर्चीवर पुढं बसवलं होतं. पोरांची चुळबुळ होईल वाटलं होतं, काळ्यापांढऱ्याला पण झाली नाही, कारण आजी मोठ्यानं नावं सांगत होत्या. ही अमक्याची आई, ही मेली, ही पुण्याला लेकाकडं आहे. भाकरीचा शॉट आला तेव्हा गप्प झाल्या.

कुंथलगिरीचा_पेढा
सर्वांना परवानगी असेल तर हा कार्यक्रम माझ्या शाळेत करूया. काळ्यापांढऱ्यासकट. आणि आजींनाही आणूया, गाडी मी पाठवतो.

पैठणकरीण
अकरा सेकंद. बरोबर केलंत.

खडकीकर
ओळ चित्रात भाजली हे फार चांगलं केलं. माझा रंगाला विरोध अजून आहे, पण त्या भाकरीला नाही.

तेरणामाई
सिंदफणा दादा, आजींचं बोलणं रेकॉर्ड केलं का? नसेल तर उद्याच करा.

सिंदफणा
ताई, नावं सांगत होत्या ते मंडपातच मोबाइलवर केलंय, गोंगाट आहे बराच. उद्या परत जातो, शांतपणे बसून करतो.

मन्याडखोरे दादा, तिसऱ्या डब्याचा वास वाढलाय, कडा लाटेसारख्या वळायला लागल्यात. तुम्ही सांगितलेल्या स्कॅनरवाल्यांनी बुधवारची वेळ दिलीय. मंगळवारी रात्रीच्या गाडीनं निघतो, डबा मांडीवर घेऊन. सकाळी दादरला उतरलो की फोन करतो.